पपनसाचा पेला आणि बडोद्याची गादी

९ नोव्हेंबर १८७४. बडोद्याचे रेसिडेंट, म्हणजे दरबारातले इंग्रज सरकारचे प्रतिनिधी, कर्नल रॉबर्ट फेअर सकाळचा फेरफटका आटोपून बंगल्यावर परतले. टेबलावर रोजच्यासारखा पपनसाच्या सरबताचा पेला तयार होता. दोन-तीन घोट घेतले, पण चव काही बरी लागेना, म्हणून उरलेले सरबत त्यांनी बाहेर ओतून दिले. थोड्याच वेळात मळमळू लागले. पेला उचलून पाहिला, तर तळाशी काळपट गाळ.

त्या चिमूटभर गाळातून पुढे काय काय निघाले, ते वाचताना आजही थक्क व्हायला होते. साडेपाच महिन्यांत एका महाराजांची गादी गेली. लंडनचा नामांकित बॅरिस्टर समुद्र ओलांडून बडोद्यात दाखल झाला. एका महाराजांचा निवाडा करायला दुसरे दोन महाराज इंग्रज अधिकाऱ्यांच्या मांडीला मांडी लावून बसले. आणि खटल्याची शाई वाळते न वाळते तोच त्यावर नाटके लिहिली गेली; त्यातले एक तर हजारेक मैल दूर, कलकत्त्याच्या रंगमंचावर!

बड्या घराण्यांच्या गुन्ह्यांवर मालिका निघाल्या की आपण म्हणतो, हे आजकालचे खूळ आहे. ते आजकालचे नाही. दीडशे वर्षांपूर्वी, विजेचे दिवे आणि सिनेमा दोन्ही नसताना, ते पूर्ण भरात होते. एखाद्या घराण्याच्या पतनाचे नाटक होते, तेव्हा त्या पतनातला कोणता भाग उचलला जातो आणि कोणता मागे राहतो, हे पाहायला बडोद्याइतके चांगले प्रकरण शोधून सापडणार नाही.

कैदेतून थेट गादीवर

गायकवाडांचा थाट तेव्हा असा, की खंडेराव महाराजांनी ‘स्टार ऑफ द साउथ’ हा जगप्रसिद्ध हिरा विकत घेतला होता आणि अस्सल मोत्यांचा गालिचा विणवून घेतला होता. हे खंडेराव नोव्हेंबर १८७० मध्ये वारले. त्यांचे धाकटे भाऊ मल्हारराव त्या वेळी कुठे होते? पादरा इथे, कैदेत. थोरल्या भावाच्या जिवावर उठल्याचा आरोप त्यांच्यावर होता. भाऊ गेला आणि कैदी महाराज झाला.

तरीही गादी पक्की नव्हती, कारण खंडेरावांच्या राणीसाहेब जमनाबाई गरोदर होत्या. मुलगा झाला असता तर मल्हाररावांना पायउतार व्हावे लागले असते. १८७१ मध्ये जमनाबाईंना मुलगी झाली आणि मल्हाररावांचा मार्ग मोकळा झाला. कोणत्याही नाटककाराने पहिला अंक इथेच संपवला असता.

नंतरचा कारभार मात्र नाटककाराला कंटाळवाणा वाटावा असा. शेतसाऱ्याची जबर वसुली, नजराण्यांची सक्ती, सावकारांच्या पेढ्यांवर टाच, खंडेरावांच्या जुन्या माणसांचा छळ. खंडेरावांचे दिवाण भाऊ शिंदे कैदेतच मेले आणि त्यांना विष दिल्याची बोलवा उठली. तक्रारी इतक्या वाढल्या, की १८७३ मध्ये सर रिचर्ड मीड यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी आयोग बसला. रयत, सरदार, व्यापारी अशा अनेकांनी त्याच्यापुढे आपली गाऱ्हाणी मांडली. आयोगाचा अहवाल आल्यावर व्हाइसरॉय लॉर्ड नॉर्थब्रुक यांनी महाराजांना मुदत दिली: ३१ डिसेंबर १८७५ पर्यंत कारभार सुधारा.

सुधारणेसाठी दिवाण म्हणून आले खुद्द दादाभाई नौरोजी, आणि त्यांच्याबरोबर बाळ मंगेश वागळ्यांसारखी मुंबईची शिकलेली माणसे. पण रेसिडेंट फेअर आणि दादाभाई यांचे एक दिवसही पटले नाही. त्यातच मल्हाररावांनी लक्ष्मीबाईंशी लग्न केले, ऑक्टोबर १८७४ मध्ये मुलगा झाला, आणि हे लग्न व हा वारस मानायला फेअर तयार होईनात. २ नोव्हेंबरला महाराजांनी व्हाइसरॉयला खलिता धाडला: या रेसिडेंटला इथून हलवा. बरोबर सात दिवसांनी पपनसाचे सरबत कडवट लागले.

आणि पुढची गंमत अशी, की खलित्यातली मागणी सरकारने खरोखरच मान्य केली. डिसेंबरमध्ये फेअर यांच्या जागी सर लुईस पेली आले. नुसती महिनाभर कळ काढली असती, तर विषाचे कारणच उरले नसते. बचाव पक्षाला हा मुद्दा आयताच मिळाला.

हिऱ्याने माणूस मरतो?

पेल्यातला गाळ आधी रेसिडेन्सीचे डॉक्टर सीवर्ड यांनी तपासला, मग तो मुंबईला सरकारी रासायनिक विश्लेषक डॉ. ग्रे यांच्याकडे गेला. त्यात सोमल सापडला. पण सोमलाबरोबर चकाकणारे बारीक कणही होते, आणि ते हिऱ्याच्या पुडीचे असावेत असे मत पडले.

इथून हे प्रकरण पोलिसांच्या वहीतून उठून लोकांच्या तोंडी गेले. सोमल हे गरिबाचे विष. उंदरांना घाला, घोड्यांच्या औषधात मिसळा. या खटल्यातही सोमल मागवला गेला तो घोड्याच्या औषधाच्या नावाखालीच, अशी साक्ष झाली. पण हिऱ्याची पूड? रेसिडेंटच्या पेल्यात हिरा सापडला की बोट आपोआप राजवाड्याकडे वळते. हिरे कुटून सरबतात कालवणे दुसऱ्या कुणाला परवडणार?

मराठी माणसाला ही कल्पना नवी नव्हती. हिरकणी गिळून जीव देणारी माणसे आपल्या जुन्या कथांमध्ये पावलोपावली भेटतात. युरोपातही हाच समज होता. सोळाव्या शतकातला फ्लोरेन्सचा सोनार आणि शिल्पकार बेन्व्हेनुतो चेल्लिनी आत्मचरित्रात सांगतो, की शत्रूंनी त्याला हिऱ्याची पूड चारून मारायचा बेत केला होता. पण ज्या जवाहिऱ्याला हिरा कुटायला दिला, त्या गरिबाने तो स्वतःकडे ठेवला आणि स्वस्तातला खडा कुटून दिला. आपण त्यामुळे वाचलो, अशी चेल्लिनीची खात्री होती.

खरी मौज पुढेच आहे. जवाहिरा प्रामाणिक असता, तरी चेल्लिनी वाचलाच असता. हिरा म्हणजे निव्वळ कार्बन. जठरातले आम्ल त्याचे काही करू शकत नाही आणि तोही विष म्हणून शरीराचे काही करत नाही. म्हणजे फेअर यांच्या पेल्यात जीव घेण्याची ताकद होती ती स्वस्त सोमलात. महागड्या हिऱ्याचे काम फक्त गोष्ट रंगवण्याचे. सोमल विरघळायला आळशी, तो तळाशी बसतो, म्हणूनच गाळ दिसला आणि कट फसला. पण नाटकाचे नाव ठेवायची वेळ आली, तेव्हा सोमलाला कुणी विचारले नाही.

राजाचा निवाडा राजांनी करावा

मुंबईचे पोलीस कमिशनर फ्रँक सूटर तपासाला आले. रेसिडेन्सीचा हवालदार रावजी आणि जमादार नरसू यांनी कबुली दिली: आम्ही रात्री वाड्यावर जात होतो, पैसे मिळत होते, पुड्या मिळाल्या, सरबतात टाकल्या. रावजीच्या पट्ट्यात पोलिसांना सोमलाची एक पुडी सापडली. नरसूने कबुलीनंतर रेसिडेन्सीच्या विहिरीत उडी घेतली. त्याला बाहेर काढले गेले. महाराजांचे खासगी चिटणीस दामोदरपंत माफीचे साक्षीदार झाले. जानेवारी १८७५ मध्ये मल्हाररावांना अटक झाली.

आता सरकारपुढे पेच उभा राहिला. संस्थानिकावर खटला चालवायचा कोणत्या कायद्याने? आणि बाकीचे संस्थानिक काय म्हणतील? नॉर्थब्रुक यांनी तोडगा काढला: सहा जणांचा आयोग. तीन इंग्रज आणि तीन हिंदी. अध्यक्ष बंगालचे सरन्यायाधीश सर रिचर्ड कौच, सोबत मीड आणि मेलव्हिल. समोरच्या बाजूला ग्वाल्हेरचे महाराज जयाजीराव शिंदे, जयपूरचे महाराज रामसिंह आणि ग्वाल्हेरचे माजी दिवाण सर दिनकरराव राजवाडे. इंदूरच्या होळकरांनाही बोलावणे गेले होते, त्यांनी नकार कळवला. सुनावणी उघड, बडोद्यातच, वार्ताहरांच्या समोर.

ही मांडणी नीट पाहिली तर लक्षात येते, की सरकारने न्यायालय नव्हे, रंगमंच उभारला होता. नेपथ्य ठरलेले, पात्रनिवड विचारपूर्वक, प्रेक्षक देशभर. आपले राज्य कसे निःपक्ष आहे, हे सगळ्या हिंदुस्थानाला दिसावे असा प्रयोग. फक्त एक घोटाळा झाला. बचावाच्या बाजूने जो नट उतरला, तो सरकारच्या हिशेबात नव्हता.

सार्जंट (ही वकिलीतली पदवी) विल्यम बॅलंटाइन. इंग्लंडभर गाजलेल्या टिचबोर्न खटल्यात त्यांनी दावेदाराची बाजू लढवली होती. मल्हाररावांसाठी ते आले ते सुमारे १०,००० पौंडांच्या मोबदल्यावर; तोवर क्वचितच एखाद्या वकिलाला एका खटल्याचे एवढे पैसे मिळाले असतील. (हाच माणूस बारा वर्षांनी जवळजवळ कंगाल अवस्थेत वारला.) २३ फेब्रुवारी १८७५ ला काम सुरू झाले आणि बॅलंटाइन यांनी फिर्यादीचा एकेक टाका उसवायला घेतला. दोन्ही नोकर स्वतःच गुन्ह्यात सामील, मग त्यांच्या शब्दाची किंमत काय? चिटणीस स्वतःची मान सोडवायला बोलतो आहे, त्याचे काय धरायचे? ती पुडी इतके दिवस पट्ट्यात तशीच राहिली आणि नेमकी पोलिसांच्याच हाती कशी लागली? ज्या जवाहिऱ्याकडून हिरे आले म्हणायचे, तो तर साक्षीला उभा राहून पोलिसांच्या दडपणाविषयी बोलू लागला. आणि कर्नल फेअर यांची उलटतपासणी अशी झाली, की विष कुणाला दिले आणि आरोपी कोण, याचा ऐकणाऱ्याला क्षणभर विसर पडावा.

निकाल लागला तो कोणत्याही नाटककाराला हेवा वाटावा असा: तीन विरुद्ध तीन. तिन्ही इंग्रज म्हणाले, दोषी. हिंदी सदस्यांपैकी एकालाही आरोप सिद्ध झाला असे वाटले नाही. कातडीच्या रंगावरून मते सरळ दुभंगली आणि निःपक्षपणाच्या प्रयोगाने नेमके उलटे दृश्य दाखवले.

मग सरकारने काय केले? एप्रिल १८७५ मध्ये मल्हाररावांना पदच्युत केलेच, पण जाहीरनाम्यात विषाचे कारण दिले नाही. कारण दिले ते गैरकारभाराचे, म्हणजे मीड आयोगाच्या त्या जुन्या, रूक्ष कागदांचे. ज्यासाठी वर्षअखेरपर्यंत मुदत दिली होती, तेच आठ महिने आधी पुरेसे ठरले. मल्हारराव आणि त्यांची संतती गादीला कायमची मुकली. त्यांना खास गाडीने मद्रासला नेण्यात आले. तिथे नुंगमबाक्कममधल्या डव्हटन हाउसमध्ये ते नजरकैदेत राहिले आणि १८८२ मध्ये वारले.

कलकत्त्याने रडावे ते कुणासाठी?

कोर्टाने निकाल दिला की गोष्ट संपते. तीन-तीन असा निकाल दिला, की ती लोकांच्या ताब्यात जाते. पुण्याच्या सार्वजनिक सभेने मल्हाररावांच्या बाजूने आवाज उठवला. नारायण बापूजी कानिटकर यांनी मल्हाररावांवर मराठी नाटक लिहिले. विनायक जनार्दन कीर्तने यांच्या ‘थोरले माधवराव पेशवे’ या १८६१ च्या नाटकाने मराठी रंगभूमीला पुराणातून इतिहासात आणले होते. चौदा वर्षांत ती इतिहासातून चालू वर्तमानपत्रात येऊन पोहोचली.

पण खरे आश्चर्य कलकत्त्याचे. तिथे त्याच वर्षी अमृतलाल बसू यांचे नाटक रंगभूमीवर आले. नाव ‘हीरकचूर्ण’. हिऱ्याची पूड! ज्या पदार्थाने कुणाचेही काही बिघडणार नव्हते, तोच नाटकाच्या शीर्षकात जाऊन बसला.

आणि हे बंगालमध्ये घडत होते. अठराव्या शतकात नागपूरकर भोसल्यांच्या फौजांनी ज्या बंगालला लुटून काढले, जिथल्या आया पुढेही मुलांना ‘बर्गी’ आले म्हणजे मराठे आले, अशी भीती घालून निजवत, त्या बंगालमध्ये एका मराठा राजाच्या दुर्दैवाचे नाटक लागले. सव्वाशे-दीडशे वर्षांपूर्वीचा तो दरारा वितळून गेला, कारण आता समोर मराठा किंवा बंगाली नव्हते. रेसिडेंट होता आणि हिंदी राजा होता. ‘आपण’ आणि ‘ते’ यांच्यातली रेघ मिटवून दुसरीकडे ओढायला एक खटला पुरला. राष्ट्र नावाची भावना सभा-ठरावांतून जागी होते, असे आपण शिकतो. ती तिकिटाच्या खिडकीवरही जागी होत होती.

सरकारचे लक्ष नाटकांकडे वळणारच होते. १८७६ च्या आरंभी ‘गजदानंद’ नावाचे एक प्रहसन कलकत्त्यात गाजले. प्रिन्स ऑफ वेल्सना घरच्या जनानखान्यात नेणाऱ्या एका बड्या वकिलाची त्यात टर उडवली होती. नॉर्थब्रुक यांनी तातडीने वटहुकूम काढला. पोलिसांनी दुसऱ्याच एका नाटकातल्या अश्लीलतेचे निमित्त करून ग्रेट नॅशनल थिएटरच्या मंडळींना पकडले. शिक्षा झालेल्यांत ‘हीरकचूर्ण’चे लेखक अमृतलाल बसूही होते, हायकोर्टाने त्यांना सोडले. वर्षअखेर नाट्यप्रयोग नियंत्रण कायदा मंजूर झाला. बडोद्याचे प्रकरण हे त्याचे एकमेव कारण नव्हते, तात्कालिक कारणही नव्हते. पण चालू घडामोडींवरचे नाटक काय करू शकते, याचा धडा सरकारला ज्या हंगामात मिळाला, त्याची सुरुवात तिथे होती.

त्या कायद्याचा एक अनपेक्षित परिणाम आपल्या रंगभूमीने भोगला आणि साजराही केला. सरळ बोलणे धोक्याचे झाले, तसे नाटककार पुन्हा पुराणांकडे वळले, पण आता मुखवटा म्हणून. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांच्या ‘कीचकवधा’तला कीचक म्हणजे लॉर्ड कर्झन, हे प्रेक्षकांना सांगावे लागत नसे. १९१० मध्ये त्या नाटकावर बंदी आली. आणि १८७६ चा तो कायदा? इंग्रज गेल्यावरही तो कायद्याच्या पुस्तकात होता. संसदेने तो अखेर रद्द केला तो २०१८ च्या सुरुवातीला.

पेल्यात न मावलेली माणसे

आता या सगळ्या रंगलेल्या खेळात कोण दिसले नाही, ते पाहू.

१८७३ च्या आयोगापुढे आलेला बडोद्याचा शेतकरी दिसला नाही. ज्यांच्या पेढ्यांवर टाच आली ते सावकार नाहीत, फटके खाल्लेली रयत नाही. मल्हारराव वाईट राज्यकर्ते होते, याचे पुरावे विषाच्या पुराव्यांपेक्षा कितीतरी भक्कम होते. पण लोकांच्या मनात ते इंग्रजांनी छळलेले राजे म्हणून उरले. याचा दोष एकट्या नाटककारांना देता येणार नाही. विषाची गोष्ट निवडली ती आधी सरकारने. गैरकारभार सिद्ध करायला आकडे, सारापत्रके, शेकडो कंटाळवाण्या जबान्या लागतात; विषाला एक पेला पुरतो. सरकारला झटपट आणि दिमाखदार शेवट हवा होता. तो हुकल्यावर ते मुकाट्याने आकड्यांकडे परतले, पण तोवर देशाच्या डोळ्यांपुढे फक्त पेला उरला होता. सरकारने मांडलेल्याच खेळात नाटककारांनी खलनायक तेवढा बदलला.

खऱ्या गुन्ह्यावरच्या कलाकृतीत ही ओढ कायम असते. घराणी कोसळतात ती बहुधा वर्षानुवर्षांच्या लहान लहान अन्यायांनी, गप्प बसवलेल्या नोकरांनी, दाबलेल्या हिशेबांनी. पण पडद्यावर ती कोसळतात एका रात्रीत, एका गोळीने किंवा एका घोटाने. तो घोट खरा असतो, पण तो कारण नसतो. अशी मालिका पाहताना ‘हे असेच घडले का?’ या प्रश्नापेक्षा ‘ज्यांचे सगळ्यांत जास्त नुकसान झाले, ते यात कुठे आहेत?’ हा प्रश्न अधिक कामाचा ठरतो.

बडोद्याच्या बाबतीत त्याचे उत्तर इतिहासाने दिले, रंगभूमीने नाही. पदच्युतीनंतर पुढच्याच महिन्यात जमनाबाईंनी नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याचा बारा वर्षांचा गोपाळराव दत्तक घेतला. तो सयाजीराव तिसरा. त्याच्या काळात १९०६ मध्ये राज्यभर प्राथमिक शिक्षण सक्तीचे आणि मोफत झाले, गावोगाव वाचनालये निघाली, पुढे तरुण भीमराव आंबेडकरांना अमेरिकेत शिकायला शिष्यवृत्ती मिळाली. मीड आयोगापुढे ज्यांनी गाऱ्हाणी मांडली, त्यांची नातवंडे शाळेत गेली. यात विष नाही, हिरा नाही, उलटतपासणी नाही, म्हणून याचे नाटक करणे फार अवघड आहे. मल्हाररावांचे नाटक कुणालाही जमले असते. सारापत्रकाचे नाटक ज्याला जमेल, तो खरा नाटककार.